बांधाच्या वादात मध्यस्थी कशी करावी: बैठकीतले कसब आणि रात्रीची वही

शेताच्या बांधावरून भांडणाऱ्या दोन भावांमध्ये जो माणूस बसतो, त्याच्याकडे गाव पंच म्हणून पाहते आणि मध्यस्थाची पहिली अडचण तिथूनच सुरू होते. पंचाने दोघांचे ऐकून निवाडा द्यायचा असतो. मध्यस्थाने दोघांना एकमेकांचे म्हणणे ऐकू येईल अशी बैठक घडवायची असते आणि निर्णय त्यांच्याच हाती ठेवायचा असतो. ‘पंचांमुखी परमेश्वर’ हे ऐकत वाढलेल्या आपल्या समाजात हा फरक पाळणे सोपे नाही, कारण समोरचे दोघेही पहिल्याच बैठकीत ‘तुम्हीच काय ते सांगा, तुमच्या शब्दाबाहेर आम्ही नाही’ असे म्हणतात आणि ते ऐकून मध्यस्थालाही बरे वाटते. त्या बरे वाटण्यापासून स्वतःला सांभाळायची सवय कशी लावावी, हा या लेखाचा निम्मा विषय आहे. उरलेला निम्मा विषय म्हणजे प्रत्यक्ष बैठक चालवण्याची रीत.

महाराष्ट्रात १५ ऑगस्ट २००७ रोजी, आर. आर. पाटील गृहमंत्री असताना, तंटामुक्त गाव मोहीम सुरू झाली आणि गावोगावी ग्रामसभेतून समित्या निवडल्या गेल्या. बांध, वाट, पाणी, वाटणी यांचे वाद पोलीस ठाण्यात किंवा कोर्टात जाण्याआधी गावातच मिटावेत, हा विचार मला आजही मोलाचा वाटतो. दिवाणी प्रक्रिया संहितेचे कलम ८९ सुधारित स्वरूपात १ जुलै २००२ पासून लागू झाल्यावर न्यायालयेही दावे मध्यस्थीकडे पाठवू लागली. मात्र न्यायालयीन मध्यस्थाला चाळीस तासांचे प्रशिक्षण घ्यावे लागते, तर गावातल्या मध्यस्थाला बहुधा खुर्ची मिळते आणि बाकी सारे त्याने अनुभवातून शिकावे अशी अपेक्षा असते. अनुभवातून शिकता येते, पण नुसत्या वयाबरोबर ते शिक्षण आपोआप येत नाही. वीस वर्षे तंटे मिटवूनही पहिल्या वर्षीचीच चूक दर बैठकीत करणारी, मनाने अत्यंत चांगली अशी माणसे मी पाहिली आहेत.

बसण्याआधी

प्रत्येक वाद मध्यस्थीने मिटवायचा नसतो, हे आधी स्पष्ट असले पाहिजे. बाईवर किंवा मुलावर झालेला अत्याचार, जातीवरून झालेला अन्याय, गंभीर मारहाण अशा प्रकरणांत ‘मिटवून टाका’ म्हणणे म्हणजे पीडिताला एकटे पाडणे आहे. तिथे मध्यस्थाने बाजूला व्हावे आणि त्या व्यक्तीला पोलीस ठाण्यापर्यंत व मोफत कायदेशीर मदत देणाऱ्या तालुक्याच्या विधी सेवा समितीपर्यंत सोबत करावी. त्याचप्रमाणे दंड ठोकणे, माफी मागायला लावणे, ‘ऐकले नाही तर गाव बघून घेईल’ असे सुचवणे, यांपैकी काहीही मध्यस्थाच्या अधिकारात येत नाही. सामाजिक बहिष्काराविरुद्ध राज्याने २०१६ साली कायदा केला आहे आणि वाळीत टाकण्याची धमकी, मग ती कितीही सौम्य शब्दांत दिलेली असो, गुन्ह्याच्या वाटेवर नेते.

वाद मध्यस्थीचा आहे असे ठरले की, बैठकीला कोण येणार नाही ते आधी पाहावे. दोन भाऊ समोर बसलेले असतात, सातबाऱ्याची प्रत मधे ठेवलेली असते, आणि लग्न होऊन गेलेल्या बहिणींचा विषयही निघत नाही. हिंदू कुटुंबात वडिलोपार्जित जमिनीवर मुलींचा जन्मतः हक्क महाराष्ट्राने १९९४ साली आणि केंद्राने ९ सप्टेंबर २००५ पासून मान्य केला, आणि वडील त्या तारखेला हयात नसले तरी हा हक्क राहतो, असे सर्वोच्च न्यायालयाने ११ ऑगस्ट २०२० रोजी सांगितले. म्हणून बहिणींना न विचारता झालेला भावाभावांतला समझोता न्याय्यही नसतो आणि टिकाऊही नसतो. सातबारा, आठ-अ (खातेदाराच्या नावावरच्या एकूण जमिनीचा उतारा) आणि शेवटची दोन-तीन फेरफार पत्रके (हक्कातल्या बदलांच्या नोंदी) मागवून त्यांतली सगळी नावे एका कागदावर काढावीत आणि प्रत्येक नावापुढे ‘यांच्याशी कोण, केव्हा बोलणार’ ते लिहावे. पुण्यात किंवा मुंबईत राहणाऱ्या बहिणीला फोनवर जोडून घेतल्याने बैठक लांबते हे खरे, पण ती लांबलेली बरी.

पोलीस पाटलांना बैठकीत बसवावे का, हा प्रश्न नेहमी निघतो. माझे मत स्पष्ट आहे: बसवू नये. गुन्ह्याची माहिती वर कळवणे हे त्यांचे कर्तव्यच आहे, आणि ते कर्तव्य असलेला माणूस समोर असताना कोणी ‘होय, रात्री बांध मीच फोडला’ असे म्हणणार नाही. त्यांना वाद मध्यस्थीला घेतल्याचे तेवढे सांगावे.

आधी शिवारात, मग बैठकीत

एकत्र बैठकीआधी दोघांना वेगवेगळे भेटावे आणि जमल्यास ही भेट त्याच्या शेतातच घ्यावी. घरात विचारलेल्या प्रश्नाला माणूस तक्रारीच्या भाषेत उत्तर देतो. बांधावर उभा राहिला की तो दाखवू लागतो. ‘इथे बाभूळ होती’, ‘या दगडापासून त्या चारीपर्यंत आम्ही दोघे लहानपणी पळायचो’, ‘हा बांध चार हात रुंद होता, आता त्यावरून बैल जात नाही’. मध्यस्थाने या वेळी वही उघडू नये, कारण लिहू लागले की समोरचा माणूस जबाब देऊ लागतो. फक्त पाहावे: गवत कोणत्या बाजूने कापलेले आहे, नांगराचे शेवटचे तास, म्हणजे नांगराने पडलेली चर, बांधाच्या किती जवळ गेले आहे, जुन्या हद्दखुणेचा दगड जागेवर आहे की नाही.

दोघांनाही एकच गोष्ट सुरुवातीला सांगावी आणि ती शब्दशः पाळावी: ‘तुम्ही मला एकट्याला जे सांगाल ते मी त्यांना सांगणार नाही, त्यांतले काही सांगावे असे तुम्हाला वाटले तर कोणत्या शब्दांत सांगायचे ते आपण दोघे ठरवू.’ हे वचन एकदा मोडले तर त्या गावात दुसरी मध्यस्थी मिळत नाही. भेटींना दिलेला वेळही सारखा असावा. एकाकडे चहा घेतला आणि दुसऱ्याकडे पाणीही न घेता निघालो, तर ते पावलागणिक मोजले जाते.

एकत्र बैठक कोणाच्याच घरी नको, देवळाच्या पारावरही नको. पारावर बसले की ऐकणारे जमतात आणि दोघेही एकमेकांशी न बोलता गावाशी बोलू लागतात. शाळेची खोली सुटीच्या दिवशी चांगली. दोघांना समोरासमोर न बसवता काटकोनात बसवावे, म्हणजे नजर टाळता येते आणि हवी तेव्हा मिळवताही येते. घरातल्या बायकांना मागच्या ओळीत न बसवता गोलातच जागा द्यावी आणि त्यांना नाव घेऊन विचारावे, कारण पाणी, गुरे, वाट यांचा रोजचा त्रास बहुतेक वेळा त्यांच्याच वाट्याला आलेला असतो.

ऐकून परत सांगणे

मध्यस्थाचे सर्वांत अवघड काम म्हणजे ऐकलेले परत सांगणे. ते शिकायला मला सर्वाधिक वेळ लागला. थोरला म्हणतो, ‘तो चोर आहे. दरवर्षी एक तास माझ्याकडे सरकतो आणि वर मलाच दम देतो.’ हे वाक्य मऊ करून ‘तुमच्यात थोडा गैरसमज झालेला दिसतो’ असे म्हटले की थोरल्याला कळते की आपले ऐकलेच गेले नाही, आणि तो पुढचे वाक्य दुप्पट आवाजात बोलतो. तेच जसेच्या तसे ‘तो चोर आहे असे तुमचे म्हणणे’ असे उच्चारले, तर शिवी मध्यस्थाच्या तोंडून दुसऱ्यांदा दिली जाते. मधली वाट अशी: शिवी गाळायची, दुखणे मात्र एक कणही कमी करायचे नाही. ‘म्हणजे बांध दरवर्षी तुमच्या बाजूला थोडा थोडा येतो आहे, आणि त्याबद्दल विचारायला गेलात तर तुमचा मान राहत नाही, असे तुम्हाला वाटते. बरोबर सांगतो आहे का मी?’ शेवटचा प्रश्न मनापासून विचारावा आणि उत्तराची वाट पाहावी. ‘नाही, तसे नाही’ हे उत्तर आले तर ते अपयश नसते. त्यापुढे माणूस जे सांगतो तेच खरे म्हणणे असते.

प्रश्न विचारताना ‘का’ शक्यतो टाळावे. ‘बांध का कोरला?’ या प्रश्नात आरोप आधीच बसलेला असतो. ‘हे कधीपासून व्हायला लागले?’, ‘त्या दिवशी सकाळपासून काय काय झाले?’, ‘यातले सगळ्यात जास्त काय लागले तुम्हाला?’ असे प्रश्न माणसाला सांगायला जागा देतात. आणि प्रश्न विचारल्यावर गप्प बसावे. बैठकीतली दहा सेकंदांची शांतता मध्यस्थाला फार लांब वाटते, म्हणून तो स्वतःच बोलू लागतो. त्या शांततेत समोरचा माणूस मनाशी काय सांगावे आणि काय नको ते ठरवत असतो, आणि आपण बोललो की तो ठरवायचे सोडून देतो.

मागणी आणि गरज या दोन गोष्टी वेगळ्या असतात हे बहुतेक प्रशिक्षणांत सांगितले जाते, पण ते प्रत्यक्षात कसे दिसते ते एका विहिरीवरून सांगतो. दोन भावांची सामाईक विहीर, निम्मा-निम्मा हिस्सा, पाळी वारांवर बांधलेली: सोमवार ते बुधवार थोरल्याची, गुरुवार ते शनिवार धाकट्याची, रविवार आलटून-पालटून. धाकट्याची मागणी होती की पाळीच मोडून टाकावी आणि आपल्याला वेगळी विहीर पाडू द्यावी, तिचा निम्मा खर्च थोरल्याने द्यावा. तीन बैठका या मागणीभोवतीच फिरल्या. चौथ्या बैठकीत धाकट्याच्या बायकोला विचारले तेव्हा ती म्हणाली की, शेतीपंपाची वीज आठवड्यातले काही दिवस दिवसा आणि काही दिवस रात्री येते, आणि आताच्या वेळापत्रकात रात्रीचे दिवस नेमके त्यांच्या वारांवर पडले आहेत. गेल्या पावसाळ्यात रात्री दारे धरायला, म्हणजे पिकाला पाणी द्यायला गेलेल्या नवऱ्याला पाटाच्या कडेला मण्यार दिसली, आणि तेव्हापासून तो घरी येईपर्यंत तिला झोप नसते. थोरल्याला हे ठाऊकच नव्हते. त्याची स्वतःची गरज वेगळी होती: त्याचा कांदा होता आणि पाण्याचा ताण बसला तर माल हाताचा जाणार होता. वार दर पंधरवड्याला अदलाबदल करायचे, म्हणजे रात्रीचे काम दोघांच्या वाट्याला सारखे येईल, हा तोडगा थोरल्याच्या मुलाने सुचवला आणि वेळापत्रक मोटारीच्या पेटीच्या आतल्या बाजूला चिकटवले गेले. वेगळ्या विहिरीचा विषय पुन्हा निघाला नाही. हा तोडगा मला चौथ्या बैठकीआधी सुचला असता तरी तो बोलून न दाखवणेच बरे ठरले असते, कारण मध्यस्थाने दिलेला तोडगा पहिल्या अडचणीत मध्यस्थाचाच ठरतो.

मोजणी कधी मागवावी

जमिनीची हद्द मध्यस्थाने अंदाजाने सांगू नये. वाद खरोखरच हद्दीचा असेल तर तालुक्याच्या भूमी अभिलेख कार्यालयात मोजणीचा अर्ज करायला सांगावे. मात्र अर्ज करण्याआधी दोघांकडून एक गोष्ट बोलून घ्यावी, आणि हे फार कमी ठिकाणी केले जाते: ‘हद्द तुमच्या बाजूला निघाली तर तुम्ही काय कराल, आणि त्यांच्या बाजूला निघाली तर काय कराल?’ मोजणी झाल्यावर हरलेला माणूस मोजणीवरच अविश्वास दाखवतो. आधी विचारलेले असले की त्याच्याजवळ स्वतःचेच उत्तर असते. उभ्या पिकाचे काय करायचे, खुणेचे दगड कोण रोवणार, खर्च कसा वाटायचा, हेही त्याच वेळी ठरवावे.

प्रत्यक्षात असेही आढळते की कागदावर एकाच्या नावाची जमीन दुसरा आणि दुसऱ्याच्या नावाची पहिला वर्षानुवर्षे कसतो आहे. अशा प्रकरणांसाठी राज्य शासनाने २०२३ च्या जानेवारीत सलोखा योजना आणली. किमान बारा वर्षांचा परस्परविरुद्ध ताबा असेल, तर अदलाबदलीच्या दस्ताला एक हजार रुपये मुद्रांक शुल्क आणि एक हजार रुपये नोंदणी फी अशी नाममात्र रक्कम त्यात ठेवलेली आहे. योजना मुदतीची असल्याने ती सध्या चालू आहे का, हे तलाठ्याकडे विचारूनच बैठकीत तिचा विषय काढावा.

रात्रीची वही

आता माझ्या दृष्टीने सर्वांत महत्त्वाच्या भागाकडे येतो. बैठक झाली की त्याच रात्री, फार तर दुसऱ्या दिवशी सकाळी, मध्यस्थाने एक वही घेऊन बसावे. ही वही वादाची नोंद नव्हे. ती मध्यस्थाची स्वतःची नोंद आहे. नावे लिहू नयेत, गट नंबर लिहू नये, ‘थोरला’, ‘धाकटा’, ‘वहिनी’ एवढे पुरते. वही कुलपात ठेवावी आणि प्रकरण संपून आढावाही झाला की ती पाने फाडून टाकली तरी चालेल, कारण जे शिकायचे ते तोवर हातात आलेले असते.

लिहिण्याची माझी रीत अशी आहे. पान उभे दुमडून दोन भाग करतो. डावीकडे बैठकीतले अडलेले किंवा वळलेले असे एकच ठिकाण घेऊन, कोण काय म्हणाले ते जमेल तितके त्याच शब्दांत लिहितो. उजवीकडे त्या-त्या ओळीसमोर, तेव्हा माझ्या मनात काय चालले होते ते लिहितो. पूर्ण बैठक लिहायला घेतली तर कंटाळा येतो आणि वही महिन्याभरात बंद पडते. एक ठिकाण पुरे.

माझ्या वहीतले एक पान इथे उघडतो. मोजणी झाली होती. ३३० फूट लांबीचा बांध सरासरी दोन फूट सरकलेला निघाला होता, म्हणजे ६६० चौरस फूट; गुंठा १०८९ चौरस फुटांचा, तेव्हा अर्ध्या गुंठ्याहून थोडीशी जास्त जमीन. डावीकडे लिहिले आहे: ‘मी: अहो, अर्ध्या-पाऊण गुंठ्यासाठी सख्खे भाऊ किती वर्षे तोंड फिरवून राहणार? थोरला काही बोलला नाही. उठला, चपला घातल्या, गेला.’ उजवीकडे: ‘एक वाजून गेला होता. मला दोनच्या एसटीने तालुक्याला जायचे होते. सकाळपासून हिशेब खिशात होता आणि तो बोलून दाखवायची घाई झाली होती. धाकटा हसला तेव्हा मला बरे वाटले.’

ते शेवटचे वाक्य लिहिताना हात थांबला होता. धाकटा हसला याचा अर्थ त्याला माझे बोलणे आपल्या बाजूचे वाटले होते. आणि मला बरे वाटले याचा अर्थ त्या क्षणी मी मध्ये नव्हतो. हे मला बैठकीत कळले नव्हते, लिहिताना कळले. पानाखाली मी स्वतःला तीन प्रश्न विचारतो: माझ्या बोलण्यानंतर लगेच काय झाले? तेव्हा मी कोणाच्या जवळ होतो आणि कोणापासून लांब? तेच ठिकाण पुन्हा आले तर मी कोणते वाक्य बोलेन? तिसऱ्या प्रश्नाचे उत्तर पूर्ण वाक्यातच लिहायचे, ‘जास्त संयम ठेवेन’ अशा निश्चयात नाही, कारण निश्चय बैठकीत आठवत नाही आणि वाक्य आठवते. त्या रात्री मी लिहिले: ‘या दोन फुटांत तुमचे काय गेले, ते मी अजून विचारलेले नाही.’

दुसऱ्या दिवशी थोरल्याच्या शेतावर जाऊन मी आधी चूक कबूल केली आणि मग तेच वाक्य बोललो. बराच वेळ तो खुरपे दगडावर घासत राहिला. मग म्हणाला, ‘खुणेचा दगड आबांनी रोवला होता. ट्रॅक्टरने उपटला आणि ओढ्यात टाकला. मला कोणी सांगितलेही नाही.’ वाद जमिनीचा होताच, पण जमिनीच्या खाली हा दगड होता, आणि मी केलेल्या चौरस फुटांच्या हिशेबाने तो आणखी खोल गेला होता. पुढच्या बैठकीत धाकट्याने ओढ्यातला दगड शोधून आणायचे कबूल केले. मोजणीच्या खुणेवर तो दोघांनी मिळून रोवला.

मध्यस्थाने चूक कबूल करावी का, असे मला विचारले जाते. करावी, मात्र ती ज्याच्या बाबतीत झाली त्याच्याजवळ, थोडक्यात, आणि ‘पण’ हा शब्द न वापरता.

अशी आठ-दहा पाने झाली की ती एकत्र वाचावीत. एकेक पान वाचताना प्रसंग दिसतो, सगळी वाचताना आपला स्वभाव दिसतो. माझ्या पानांत मला तीन गोष्टी पुन्हा पुन्हा सापडल्या: मी वयाने लहान असलेल्याला मध्येच थांबवतो; बाई बोलत असताना माझी नजर तिच्या नवऱ्याकडे जाते, जणू त्याचा दुजोरा हवा; आणि जेवणाची वेळ जवळ आली की मी तोडगे सुचवू लागतो. तिसरी गोष्ट सुधारणे सर्वांत सोपे होते, आता मी बैठक सकाळी नऊला ठेवतो आणि साडेअकराला उठतो, मग विषय कुठेही असो. दुसरी गोष्ट अजून पूर्ण गेलेली नाही, म्हणून बैठकीत मी बोलणाऱ्या बाईच्या अगदी समोरची जागा घेतो.

वहीमुळे हळूहळू बैठक चालू असतानाच स्वतःकडे लक्ष जाऊ लागते. आपला आवाज चढला, आपण पेन जोरात टेबलावर ठेवला, एखाद्याचे वाक्य आपण मनातच पूर्ण करून टाकले, एकाला ‘दादा’ आणि दुसऱ्याला नुसते आडनावाने हाक मारली: या खुणा ओळखीच्या झाल्या की त्या क्षणी थांबता येते. थांबण्याचा सोपा मार्ग म्हणजे पाणी मागणे. दहा मिनिटांची विश्रांती जाहीर करावी आणि बाहेर येऊन ‘मला आत्ता कोणाचा राग आला आहे?’ एवढे स्वतःला विचारावे. उत्तर मिळाले नाही तरी विचारल्यानेच आवाज खाली येतो.

एकट्याच्या वहीला मर्यादा आहे, कारण आपल्या डोळ्याला आपली पाठ दिसत नाही. म्हणून शेजारच्या दोन-तीन गावांतल्या मध्यस्थांनी महिन्यातून एकदा एकत्र बसावे, आणि शक्य तर त्यांत एक तरी बाई असावी. नावगाव न सांगता प्रत्येकाने एक पान वाचावे. बाकीच्यांनी सल्ला न देता फक्त प्रश्न विचारावेत. सल्ला द्यायला सुरुवात झाली की तिथेही पंचायत भरते.

कागद करताना

समझोता ठरला की तो त्याच बैठकीत लिहावा, आणि दोघे रोज बोलतात त्या मराठीत लिहावा. कोणी, काय, केव्हापासून करायचे. मोटार जळाली तर दुरुस्तीचा खर्च कसा वाटायचा. पाळीच्या दिवशी वीज गेली तर तो दिवस भरून द्यायचा की नाही. एकाने जमीन वाट्याने दिली तर वाटेकऱ्याला हे बंधनकारक राहील का. मोडण्याची शक्यता जिथे आहे तिथेच सर्वांत जास्त शब्द खर्च करावेत. ‘दोघांनी गुण्यागोविंदाने राहावे’ हे वाक्य मी लिहीत नाही, कारण ते कोणी पाळले की मोडले हे सांगता येत नाही.

स्टॅम्प पेपरवर सह्या केल्या म्हणजे जमीन नावावर झाली, ही समजूत फार खोल रुजलेली आहे आणि ती दूर करणे मध्यस्थाचे काम आहे. पाण्याची पाळी किंवा बांधाची डागडुजी यांचा साधा लेखी करार चालतो. जमिनीची अदलाबदल किंवा हक्कसोड असेल तर नोंदणीकृत दस्त लागतो. वाटप करायचे असेल तर सर्व हिस्सेदारांच्या संमतीने महाराष्ट्र जमीन महसूल संहितेच्या कलम ८५ खाली तहसीलदारांकडे अर्ज करता येतो. वाटेचा वाद असेल आणि समझोता झालाच नाही, तर त्याच संहितेचे कलम १४३ बांधावरून रस्ता मागण्यासाठी आहे, आणि आधीपासूनचा रस्ता अडवला असेल तर १९०६ च्या मामलेदार न्यायालय अधिनियमाखाली दाद मागता येते. दावा आधीच कोर्टात चालू असेल तर झालेला समझोता लोकअदालतीत ठेवावा. तिथल्या निवाड्याला दिवाणी न्यायालयाच्या हुकूमनाम्याचे बळ असते, त्यावर अपील नसते आणि भरलेली कोर्ट फी परत मिळते. २०२३ च्या मध्यस्थी कायद्यात गावपातळीवरच्या सामुदायिक मध्यस्थीसाठी वेगळे प्रकरण आहे, त्यात तीन मध्यस्थांचे मंडळ सांगितले आहे, पण तशा समझोत्याला हुकूमनाम्याचे बळ दिलेले नाही. यांतले कोणतेही पाऊल उचलण्याआधी दोघांनाही स्वतःच्या वकिलाला विचारायला वेळ द्यावा. घाईने घेतलेली सही पहिल्या पावसात वाहून जाते.

कागदावर आढाव्याची तारीख असावीच. बांधाच्या वादाला खरीप पेरणीआधीची, पाण्याच्या वादाला रब्बी संपल्यानंतरची तारीख मला योग्य वाटते, कारण समझोत्याची परीक्षा नांगरट आणि पाणी यांच्याच वेळी होते. आढाव्याला जाताना मी वहीतले जुने पान वाचून जातो. ‘सगळे ठीक ना?’ असे विचारत नाही, त्याला ‘ठीक’ एवढेच उत्तर येते. ‘या हंगामात पाळी कोणत्या दिवशी मोडली, आणि तेव्हा तुम्ही एकमेकांशी काय बोललात?’ असे दोघांना विचारतो, आणि जे उत्तर मिळेल ते त्याच पानाच्या तळाशी, तारीख घालून लिहितो.